‘हौस’ या शब्दाबद्दल: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार.

मागच्या आठवड्यातल्या माझ्या लेखावर आपली प्रतिक्रिया वाचली. खाली सही आहे, ‘एक जुना भूलतज्ज्ञ’. नाव नाही, म्हणून ‘सर’ म्हणते. अनुभव आपल्या लिहिण्यातून दिसतोच.

ज्यांनी लेख वाचला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. भांडुपचा एक रिक्षाचालक, वय 38, वजन 52 किलो, पंधरा वर्षं गुटखा. डाव्या गालाच्या आत कॅन्सर. गालाची आतली कातडी इतकी आवळलेली की तोंड जेमतेम दीड बोट उघडत होतं. मी त्याला न झोपवता, नाक आणि घसा बधिर करून, नाकातून ब्रॉन्कोस्कोप (श्वासमार्ग आतून बघायची लवचिक दुर्बीण, पुढे नुसतं ‘स्कोप’) श्वासनलिकेत नेला, त्याच्यावरून श्वास द्यायची ट्यूब सरकवली आणि मगच भूल दिली.

त्यावर आपण लिहिलंत: ‘पातळ पात्याचं व्हिडिओ लॅरिंगोस्कोप (तोंडातून घालून कॅमेऱ्याने घसा दाखवणारं साधन) दीड बोटाच्या तोंडातही जातं. जागेपणीच करायचं होतं तर तेही जागेपणी करता येतं आणि वेळ कमी लागतो. 25 मिनिटं माणसाला खोकायला लावणं म्हणजे रुग्णाच्या जिवावर केलेली हौस आहे. 1967 साली मर्फीने ब्रॉन्कोस्कोप वापरला हेही चूक. लहान नर्सिंग होमला हा स्कोप परवडत नाही, त्यावर एक ओळ नाही. आणि त्या रुग्णाला एकदा विचारा, पुन्हा करून घेशील का?’

मर्फींबद्दल आपलं बरोबर आहे. लंडनच्या पीटर मर्फींनी 1967 साली नाकातून ट्यूब टाकताना वापरली ती पित्तनलिका बघायची लवचिक दुर्बीण होती. मी घाईत ‘ब्रॉन्कोस्कोप’ लिहून गेले. लेखात दुरुस्ती केली आहे. चूक दाखवल्याबद्दल मनापासून आभार.

आता ‘हौस’.

सर, हा शब्द मी दोन दिवस डोक्यात घेऊन फिरतेय. सकाळच्या लोकलमध्ये, ओटीत, रात्री भात लावताना. टीका मला नवी नाही, सव्वीस वर्षं या शहरात भूल देतेय. माझा निर्णय चुकला म्हणा, मी ऐकून घेईन. पण हौस लग्नात करतात, सणाला करतात. श्वास अडकायची भीती असलेल्या माणसाच्या उशाशी उभं राहून कोणी हौस करत नाही. निदान मी तरी नाही.

तो माणूस जागा का ठेवला, ते पुन्हा सांगते. जागा माणूस स्वतःचा श्वास स्वतः घेतो. जीभ मागे पडत नाही, घशाचे स्नायू ढिले पडत नाहीत. मला काही जमलं नाही तर मी स्कोप बाहेर काढते, त्याला बसवते, पाणी पुसते आणि दुसरा विचार करते. त्याच्या छातीचा भाता तोवर चालूच असतो. एकदा झोपवलं आणि स्नायू सैल करायचं औषध दिलं की तो भाता माझ्या हातात येतो, आणि मास्कने हवा जाईना, ट्यूबही जाईना, असं झालं तर हातात मोजकी मिनिटं उरतात. शिवाय गुटख्याने आवळलेलं तोंड भुलेने उघडत नाही. दाढ दुखते म्हणून जबडा मिटला असेल तर झोपवल्यावर तो सुटतो. इथे कातडीखाली दोरखंडासारखे पट्टे तयार झालेले असतात. औषधाने ते तसूभरही सैल होत नाहीत.

हे आपल्याला माहीत नाही असं नाही. माहीत असूनही आपण तो शब्द वापरलात, याचंच वाईट वाटतं.

मी हे कुठे शिकले ते सांगते. 1996 साली मी दुसऱ्या वर्षाची रेसिडेंट होते, मुंबईतल्याच एका मोठ्या सरकारी रुग्णालयात. रात्री साडेअकराला एकोणीस वर्षांचा मुलगा आला. दाढेत पू झाला होता, जबड्याखाली दगडासारखी सूज, जीभ वर उचललेली, लाळ गिळता येत नव्हती. आडवा झाला की गुदमरायचा, म्हणून स्ट्रेचरवर पुढे झुकून बसला होता. मी वरिष्ठांना विचारलं, स्कोप काढू या का? स्कोप होता. कपाटात होता, कपाटाला कुलूप होतं आणि किल्ली ज्यांच्याकडे होती ते घरी गेले होते. वरिष्ठ म्हणाले, त्याची काय गरज, झोपवू या, पटकन होईल.

औषध गेलं आणि मास्कने हवा जाईना. लॅरिंगोस्कोप एकदा घातला, दोनदा, तीनदा. तिसऱ्या वेळेपर्यंत घशात इतकं रक्त झालं होतं की कोणी तेव्हा स्कोप आणून दिला असता तरी भिंगापुढे लाल रंगाशिवाय काही दिसलं नसतं. सर्जननी गळा उघडला तेव्हा तो निळा पडला होता. हृदय पुन्हा सुरू झालं. तो मात्र नंतर कधीच शुद्धीवर आला नाही. पहाटे त्याची आई ओटीच्या दाराशी मला विचारत होती, ‘दाताचंच होतं ना, बाई?’

त्या रात्रीनंतर मी ठरवलं की स्कोप सगळे उपाय हरल्यावर काढायची वस्तू नाही. रक्त सांडायच्या आधी, पहिल्या प्रयत्नालाच तो हातात हवा. ब्रिटनमध्ये 2011 साली श्वासमार्गाच्या गंभीर घटनांची मोठी पाहणी प्रसिद्ध झाली, नॅप-4. तिनेही हेच नोंदवलं की जागेपणी स्कोपने ट्यूब टाकायला हवी होती अशा रुग्णांना तसं न करता झोपवलं गेलं आणि इजा झाली. मला मात्र त्या पाहणीची वाट बघावी लागली नव्हती.

‘खोकायला लावणं’ हेही आपण त्याच वाक्यात लिहिलंत. 25 मिनिटांचा हिशोब मांडते. आधी लाळ कमी करायला ग्लायकोपायरोलेट, मग नाक मोकळं करायला झायलोमेटाझोलिनचे थेंब, मग बधिर करायला लिग्नोकेन. स्प्रे, जेली, आणि स्कोप पुढे जाईल तसं स्वरयंत्रावर थोडं थोडं. त्यातला बहुतेक वेळ औषध लागू पडायची वाट बघण्यात गेला. एकूण लिग्नोकेन 300 मिलिग्रॅमच्या आत ठेवलं. किलोमागे 9 मिलिग्रॅमची मर्यादा धरली तरी त्याला 468 पर्यंत चाललं असतं. स्कोप नाकात शिरल्यापासून श्वासनलिकेच्या कड्या दिसून खाली कॅरिना, म्हणजे श्वासनलिका दोन फुप्फुसांकडे फुटते ती जागा, दिसेपर्यंत दोन मिनिटंही लागली नाहीत. ट्यूब सरकवताना स्वरयंत्राच्या कडेला अडकली, ती घड्याळाच्या उलट दिशेने पाव फेरा फिरवली आणि आत गेली. उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड दाखवणाऱ्या कॅप्नोग्राफवर लाट आली, म्हणजे ट्यूब श्वासनलिकेतच होती, मग भूल. तो दोनदा खोकला. दोनदा.

आणि खोकणं म्हणजे काय असतं ते मी स्वतः भोगलं आहे. काही वर्षांपूर्वी एका प्रशिक्षणात मी खुर्चीवर बसले आणि सहकाऱ्याला सांगितलं, माझ्या नाकातून घाल. लिग्नोकेन जहाल कडू लागतं. मग घशात कापूस कोंबल्यासारखं होतं आणि आपण गिळतोय की नाही तेच कळेनासं होतं. दोन क्षण वाटतं, आता श्वास थांबला. थांबलेला नसतो, पण तसं वाटतं. तेव्हापासून प्रत्येक रुग्णाला मी हे आधी सांगते, याच शब्दांत, आणि शेवटपर्यंत एक सिस्टर त्याचा हात धरून उभी असते. आपण कधी घालून घेतलात, सर? घेतला असाल तर मला तुमच्याशी बोलायचं आहे. घेतला नसाल तर दुसऱ्याच्या खोकल्याबद्दल मला शिकवू नका.

बाकीचं. व्हिडिओ लॅरिंगोस्कोप मलाही प्रिय आहे, रोज वापरते, जागेपणीही वापरलं आहे, आणि त्याला वेळ कमी लागतो हेही खरं. पण या शस्त्रक्रियेत सर्जनला तोंड मोकळं हवं असतं, म्हणून ट्यूब नाकातूनच हवी. दीड बोटाच्या फटीत पातं घातल्यावर नाकातून आलेली ट्यूब घशात पुढे वळवायचा मॅगिलचा चिमटा कुठून घालायचा? याहून जास्त त्यावर लिहीत नाही. खर्चाचा प्रश्न वेगळा आहे, या लेखाचा तो विषय नव्हता.

एक मात्र सांगते. परळला टाटा रुग्णालयाबाहेरच्या फुटपाथवर जाऊन बघा. गुटख्यावर महाराष्ट्रात 2012 साली बंदी आली, तरी आवळलेल्या तोंडाची माणसं तिथे रोज नव्याने येतात. विदर्भातून, कोकणातून, उत्तर प्रदेशातून. ज्या रेसिडेंटने हा स्कोप हातात धरला नाही, तो उद्या यांना काय देणार? माझ्या तीन विद्यार्थिनी त्या दिवशी माझ्या बाजूला उभ्या होत्या. तुमच्या एका शब्दाने त्यांनाही कळलं की त्या रुग्णाच्या जिवावर हौस बघत होत्या. तुम्ही तो शब्द मागे घ्यावात, अशी माझी अपेक्षा आहे. नाही घेतलात तरी प्रतिक्रिया मी काढणार नाही.

शेवटी, ‘त्या रुग्णाला विचारा’.

विचारायची वेळच आली नाही. पाच महिन्यांनी तो दुसऱ्या शस्त्रक्रियेसाठी आला. गालाला लावलेल्या कातडीचं काम राहिलं होतं, आणि रेडिएशननंतर तोंड एक बोटावर आलं होतं. मी टेबलापाशी गेले, तेव्हा नाकात थेंब घालायच्या आधीच त्याने एक नाकपुडी बोटाने दाबून दुसरीतून श्वास घेऊन बघितला. मग जड जिभेने म्हणाला, ‘मॅडम, आज उजवीकडून. डावी बंद आहे.’ आणि हात सिस्टरपुढे केला.