लावेल कुणीतरी मोटर

गेल्या महिन्यातली गोष्ट. रात्री पावणेतीनला आमच्या अपार्टमेंटच्या हौदात नळाची धार पडायला लागली. सोलापूरकरांना वेगळं सांगायला नको, पण पुण्या-मुंबईत बसून वाचणाऱ्यांसाठी सांगतो: आमच्याकडे पाणी रोज येत नाही. चार-पाच दिवसांनी येतं, आणि नक्की किती वाजता येईल ते पाणी सोडणाऱ्या चावीवाल्याला आणि देवालाच ठाऊक. उजनी धरण शंभर टक्के भरल्याची बातमी वाचत वाचत आम्ही घरातल्या बादल्या मोजतो.

पाणी आलं की एवढंच करायचं असतं. खाली जायचं, मोटर लावायची. हौदातलं पाणी वरच्या टाकीत चढतं आणि हौदात नव्या पाण्याला जागा होते. नाही लावली तर हौद तासाभरात भरतो आणि बाकीचं पाणी गेटखालून रस्त्यावर. त्या रात्री तेच झालं. सकाळी सहाला गेटसमोर डबकं, त्यात दोन कावळे अंघोळ करतायत, आणि वरची टाकी कोरडीठाक.

फ्लॅट २४. व्हॉट्सअॅप ग्रुपवर माणसं ४१. आदल्या संध्याकाळी एकाने टाकलं होतं, "आज रात्री पाणी येईल असं वाटतंय, लक्ष ठेवा." त्याला १७ अंगठे आले होते. नंतर मी मोजले. त्यातला एक माझा होता.

आणि लपवण्यात अर्थ नाही, मी जागा होतो. धार ऐकली होती. बायको झोपेतच म्हणाली, "पाणी आलं वाटतं." मी म्हणालो, "लावेल कुणीतरी मोटर," आणि कूस बदलली. दुसऱ्या दिवशी टँकरवाल्याला फोन करताना कळलं की दुसऱ्या मजल्यावरचे दोघेही जागेच होते.

मी कॉलेजात समाजशास्त्र शिकवतो. 'सामूहिक कृती' हे शब्द दरवर्षी फळ्यावर लिहितो आणि खाली मॅन्कर ओल्सनचं नाव. १९६५ साली या अमेरिकन अर्थशास्त्रज्ञाने मांडलं की ज्याचा फायदा सगळ्यांनाच मिळणार आहे, मी हात लावला नाही तरी मलाही मिळणार आहे, त्याला हिशेबी माणूस हात लावत नाही. गट जितका मोठा तितके फुकटे जास्त. मुलं हे लिहून घेतात, परीक्षेत ओकतात. आपल्याकडे तर म्हणच आहे, दोन घरचा पाहुणा उपाशी. आमचा पाहुणा २४ घरचा होता.

पण ओल्सनवर माझा थोडा राग आहे. त्याचा माणूस फार हिशेबी आहे. मी त्या रात्री कसलाच हिशेब केला नव्हता. मला फक्त झोप आली होती, आणि आपण गेलो नाही हे कुणाला कळणार नव्हतं. सगळी गोम या दुसऱ्या वाक्यात आहे असं मला आता वाटतं.

मॅक्स रिंगेलमन नावाच्या फ्रेंच कृषी अभियंत्याने माणसांना दोर ओढायला लावून त्यांचा जोर मोजला होता. त्याचे आकडे १९१३ साली छापून आले. आठ जण एकदम ओढायला लागले की एकेकाचा जोर तो एकट्याने ओढताना असतो त्याच्या जवळपास निम्म्यावर येतो. लोक म्हणाले, पाय अडखळत असतील, ताल जमत नसेल. म्हणून १९७४ मध्ये अमेरिकेत काहींनी गंमत केली. डोळे बांधून एकालाच दोर ओढायला लावला, पण मागे आणखी माणसं ओढतायत असं भासवलं. अडखळायला मागे कुणी नव्हतंच, तरी जोर कमी झाला. पुढे टाळ्या वाजवणं, ओरडणं यावरही असेच प्रयोग झाले आणि १९८१ पर्यंत एक गोष्ट बऱ्यापैकी स्पष्ट झाली. तुमचा आवाज वेगळा मोजला जातोय असं कळलं, की अंगचोरी जवळजवळ नाहीशी होते.

वर्गातही मी हे बघत आलोय. गटप्रकल्पाच्या फाईलवर पाच नावं आणि आत पहिल्या पानापासून शेवटपर्यंत एकाच मुलीचं अक्षर. तीन वर्षांपूर्वी मी एक बदल केला. शेवटच्या पानावर प्रत्येकाने आपल्या हाताने लिहायचं, मी काय केलं. पहिल्याच वर्षी एका पोराने प्रामाणिकपणे लिहिलं होतं, "मी झेरॉक्स काढल्या." त्याला मी मार्क दिले, वाटलं त्यापेक्षा जास्तच.

आता हे वाचून कुणीतरी कॉमेंटमध्ये लिहिणार की लोकांत एकी नाही राहिली, सर. मला हा 'एकी' शब्द आता ऐकवत नाही. भाषणात छान वाटतो. गाव करी ते राव न करी म्हणतात, पण गाव म्हणजे नक्की कोण, कोणत्या दिवशी, किती वाजता, हे ती म्हण सांगत नाही. पाणी पावणेतीनला येतं.

एकी कशी दिसते ते बघायचं असेल तर संक्रांतीला सोलापूरला या. सिद्धरामेश्वरांच्या यात्रेत सात नंदीध्वज, म्हणजे उंच, जड मानाच्या काठ्या, निघतात, ६८ लिंगांच्या प्रदक्षिणेला. पांढरी बाराबंदी घातलेली माणसं, दोन्ही बाजूंना सगळं शहर. मी लहानपणापासून बघतोय, पण मास्तर झाल्यावर एक गोष्ट डोळ्यांत भरली. एवढी मोठी काठी, एवढे मानकरी, एवढी गर्दी, पण एका वेळी काठी एकाच्याच अंगावर असते. बाकीचे भोवती सावरायला. त्याच्या मानेच्या शिरा ताणलेल्या सगळ्यांना दिसतात, पाऊल डळमळलं तर तेही दिसतं. मग तो थकायच्या आत दुसरा पुढे येतो आणि काठी हातोहात त्याच्याकडे जाते. त्या एका क्षणात दोघांचे डोळे फक्त काठीवर असतात. आणि यासाठी आधीचे कितीतरी दिवस रात्री सराव चाललेला असतो, तो बघायला कुणी जात नाही.

रिंगेलमनच्या दोराच्या अगदी उलट. दोराला आठ जण एकदम लागतात आणि कुणाचा जोर किती ते कळत नाही. इथे ओझं सगळ्यांचं आहे, पण ते आत्ता कुणावर आहे हे अख्ख्या शहराला दिसतंय. बाराव्या शतकात सिद्धरामेश्वरांनी लोकांच्या श्रमातून तळं खोदून घेतलं असं आपण मानतो. तेव्हा मातीच्या पाट्या कशा वाटून घेतल्या असतील, याचं मला फार कुतूहल आहे.

दुसरं उदाहरण सोलापूरच्याच पूर्व भागातलं. विडी कामगार बायका. ओल्सनच्या हिशेबाने यांची संघटना व्हायलाच नको होती. काम घरात. एकेक बाई आपापल्या उंबऱ्यात सुपात पानं घेऊन बसलेली. मजुरी दर हजार विड्यांमागे, म्हणजे मोर्चाला गेली की तेवढ्या विड्या बुडाल्या. संख्या हजारोंत. तरी याच बायकांच्या लढ्यातून सोलापूरजवळ कुंभारीला कम्युनिस्ट नेत्या गोदूताई परुळेकरांच्या नावाने १०,००० घरांची वसाहत उभी राहिली, २००६ मध्ये तिचं लोकार्पण झालं. नंतर असंघटित कामगारांसाठी ३०,००० घरांचं रे नगर, त्यातली १५,००० जानेवारी २०२४ मध्ये ताब्यात मिळाली. या लढ्याचे नेते, कम्युनिस्ट आडम मास्तर, यांचं राजकारण कुणाला पटेल, कुणाला नाही. पण हे घडलंय, एसटीचं तिकीट काढून बघून येता येतं.

कसं घडलं? एक उत्तर ओल्सनकडेच आहे: घर त्यालाच, ज्याने वाटा भरला आणि नाव नोंदवलं. ते रस्त्यासारखं नाही की फुकट्यालाही चालायला मिळावं. बरोबर आहे, पण अर्धंच. घर मिळायला वर्षं लागली, मधे मिळण्याची काही खात्री नव्हती, आणि तरी बाया येत राहिल्या. मला वाटतं उत्तर विडी द्यायच्या रांगेत आहे. वळतात घरी, पण द्यायला कारखान्यातच जावं लागतं. तिथे रांगेत उभं राहायचं, तपासणारा विड्या बघणार आणि काही छाट म्हणून बाजूला टाकणार. पुढच्या बाईची छाट मागची बाई बघते. घरी एकटीला वाटलं असतं की आपलाच हात आज बिघडला. रांगेत कळतं की सगळ्यांच्याच टाकतायत.

सार्त्र नावाच्या फ्रेंच तत्त्वज्ञाने १९६० मध्ये बसच्या रांगेचं उदाहरण दिलं होतं. माणसं शेजारी उभी, पण प्रत्येक जण एकटा, एकमेकांच्या दृष्टीने नुसता एक नंबर. अशी रांग कधी एकदम 'आपण' होते, त्याला तो गटाचं वितळून एक होणं म्हणतो. मे १९३० मध्ये गांधीजींच्या अटकेनंतर आपल्या शहरात असंच काहीसं झालं. गिरणी कामगार रस्त्यावर, पोलीस शहराबाहेर, काही दिवस इंग्रजांचं राज्यच नाही. मग मार्शल लॉ आला, आणि १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा यांना फाशी झाली. चार हुतात्म्यांच्या पुतळ्याजवळून जाताना आपण हात जोडतो ते योग्यच आहे. पण असं वितळणं तीन-चार दिवस टिकतं. पाणी दर पाचव्या दिवशी येतं.

आमच्या सोसायटीत काय झालं ते सांगतो. टँकरच्या दुसऱ्या दिवशी मिटिंग घेतली, जिन्यातच. पहिला ठराव आला, अध्यक्ष-सेक्रेटरी नको, आपण सगळे सारखे. मला धडकी भरली. मी पूर्वी एका तळं स्वच्छ करणाऱ्या गटात होतो, दर रविवारी. तिथेही सगळे सारखेच होते. म्हणजे ज्याचा आवाज मोठा त्याचं चाले, आणि चहाचे कप दर वेळी त्याच दोघी धुवत. जो फ्रीमन या अमेरिकन बाईंनी सत्तरीच्या दशकाच्या सुरुवातीलाच स्त्रीवादी गटांबद्दल हे लिहून ठेवलंय, की रचना नाही म्हणता तेव्हा ती फक्त लपलेली असते. आमचा गट आठ महिन्यांत संपला. का संपला, असं विचारायलाही कुणी उरलं नाही. कप मीही कधी धुतला नव्हता.

कुणीतरी म्हणालं, ऑटोमॅटिक सेन्सर बसवा. (कॉमेंटमध्येही लिहाल, माहितेय.) तो आम्ही दोन वर्षांपूर्वीच बसवलाय. तो बिघडला, आणि इलेक्ट्रिशियनला बोलवायचं कुणी यावर तो अजून बिघडलेलाच आहे.

शेवटी फळा आला. माझ्याच मुलीचा जुना, मोटरच्या खोलीबाहेर खिळ्याला टांगला. आजची पाळी कुणाची, फ्लॅट नंबर आणि नाव. मोटर किती वाजता लावली, किती वाजता बंद केली, खडूने लिहायचं. बाकी काही नाही. पहिल्याच आठवड्यात भांडण झालं. तिसऱ्या मजल्यावर एक आजोबा एकटे राहतात, गुडघे गेलेले, लिफ्ट बंद. त्यांनाही इतरांसारखीच पाळी लावली होती. मला श्रावण सोमवारची खुलभर दुधाची कहाणी आठवली. राजाने सगळ्यांचं सगळं दूध मागवलं तरी गाभारा भरला नाही. म्हातारीने आधी पोरं-वासरं पाजली आणि मग खुलभर आणलं, तेव्हा भरला. सारखा वाटा म्हणजे न्याय, असं कुणी सांगितलंय? आजोबांना तशीही रात्री झोप लागत नाही. आता नळाचा आवाज ऐकून फळ्यावरच्या माणसाला फोन करायचं काम त्यांचं. ते फोनवर "उठला का?" एवढंच विचारतात आणि हो म्हणेपर्यंत ठेवत नाहीत.

गेल्या पाचही वेळा टाकी भरली.

अडलंय ते वेगळ्याच ठिकाणी. २४ पैकी सात फ्लॅट बंद असतात, मालक पुण्यात. त्यातल्या एकाने परवा ग्रुपवर लिहिलं, "मी पैसे देतो, माझी पाळी दुसऱ्या कुणाला तरी लावा." लगेच खाली राहणाऱ्या दोघांनीही विचारलं, मग आम्हीही पैसे देऊन सुटू का? एक जण म्हणतो, जो राहतच नाही त्याने पाण्यासाठी का उठावं? दुसरा म्हणतो, दिवाळीला दहा दिवस येतात तेव्हा अंघोळ कशाने करतात? दोघांचंही मला पटतं, हीच पंचाईत आहे. रविवारी सकाळी दहाला परत जिन्यात मिटिंग आहे. तोपर्यंत त्या सात नंबरांसमोर फळ्यावर नुसत्या रेघा आहेत.

आणि आज रात्री आमचं नाव आहे.