लाथ बसते, मारणारा दिसत नाही

बंड्यानं आल्या आल्या काडी टाकली. "टॉरंट नसतं ना, नेटवर लोकांनी एकमेकांकडून फाइली उतरवून घ्यायची ती सोय, तर कुंग-फूचे पिक्चर आपल्या पिढीला कळलेच नसते."

"कळले? बुडवलेत तुम्ही ते!" अण्णा उसळले. अण्णांनी ब्रूस ली थेटरात, मोठ्या पडद्यावर पाहिलेला. तेव्हापासून फाइल उतरवणारा प्रत्येक जण त्यांच्या लेखी चोर.

बंड्या मागे हटेना. "चिनी दिग्दर्शक झांग यिमोचा 'हीरो' चीनमध्ये २००२ ला लागला. अमेरिकेतल्या वितरकानं हक्क घेतले आणि दाबून ठेवले. तिकडे तो पडद्यावर आला थेट ऑगस्ट २००४ मध्ये! तोवर लोकांनी काय पोस्टर बघत बसायचं?"

"बसायचं! आणि १९९९ मध्ये हाँगकाँगचे कलाकार-तंत्रज्ञ पायरसीविरुद्ध रस्त्यावर उतरले, ते काय हौस म्हणून?"

इथे मन्या पहिल्यांदा बोलला. "अण्णा, ते व्हीसीडीच्या, म्हणजे पिक्चरच्या सीडीच्या, चोरट्या नकलांविरुद्ध. हे टॉरंट, म्हणजे बिटटॉरंट, आलं २००१ ला. घर आधीच लुटलं गेलं होतं, हा नंतर येऊन भांडी घेऊन गेला."

"म्हणजे भांडी चोरलेली चालतात?"

मन्या गप्प. मग त्यानंच एक गंमत सांगितली: २००५ मध्ये बिटटॉरंटवरून पिक्चर वाटल्याबद्दल हाँगकाँगच्याच एका माणसाला तीन महिन्यांची कैद झाली. पिक्चर तीन, तिन्ही हॉलिवूडचे. कुंग-फूचा एकही नाही. अण्णांना हसू आलं, पण त्यांनी ते मिशीत दाबलं.

माझं भांडण वेगळंच होतं. तुम्ही पाहिलंत ते नक्की काय? दोन तासांचा पिक्चर ७०० एमबीच्या सीडीत कोंबायचा, म्हणजे सेकंदाला जेमतेम ८०० किलोबिट, आवाजासकट. फाइल लहान होते कशी, तर आधीच्या फ्रेमपेक्षा जेवढं बदललं तेवढंच साठवून. गुरुजी डोळे मिटून ध्यानाला बसलेत, तोवर चित्र सुरेख. ते उठून फिरकी घेतात आणि पडद्यावर नुसते चौकोन! म्हणजे ज्याच्यासाठी पिक्चर उतरवला, नेमकं तेच फुटायचं. रडारडीचे कौटुंबिक पिक्चर मात्र त्या काळात चांगले दिसले असणार.

त्याहून वाईट त्या आधीच्या व्हिडिओ कॉप्या. शॉ ब्रदर्स या हाँगकाँगच्या स्टुडिओचे बरेच पिक्चर उंचीच्या सव्वादोनपटीहून जास्त रुंद. ते टीव्हीच्या चौकोनात बसवायला दोन्ही कडा छाटलेल्या. लाथ बसलेली दिसते, मारणारा दिसत नाही.

"बघ!" अण्णा.

"अहो, पण ते पिक्चर होते कुठे दुसरीकडे?" बंड्या पेटला. "वर्षानुवर्षं कपाटात कुलूपबंद! २००२ पासून साफसूफ होऊन डिस्क यायला लागल्या, तेव्हा पूर्ण रुंदी दिसली."

"आणि त्या डिस्क तू विकत घेतल्यास?"

बंड्यानं विषय बदलला. सबटायटलवर गेला. कुणी अनोळखी माणूस रात्र जागून एकेक ओळ वेळेवर बसवतो, पैसा न घेता, आणि खाली नावही टाकत नाही. यावर अण्णासुद्धा काही बोलले नाहीत. मीही नाही, कारण तेवढं खरंच होतं.

"बरं, एवढा उतरवलास, तर शेवटी गुरूच्या खुनाचा सूड घेतला का नायकानं?" अण्णांनी जाता जाता विचारलं.

"पहिला भाग पाहिला," बंड्या म्हणाला. "दुसरा अजून उतरतोय, ९९ टक्क्यांवर आहे."