अ‍ॅम्प्लिफायरची अर्थिंगची पिन कापू नका

‘होम थिएटर घरघरतंय? मेकॅनिकला पैसे देऊ नका’ असं सांगत पाच घरगुती उपाय देणारा फॉरवर्ड गणपतीच्या तोंडावर ग्रुपाग्रुपांत फिरतोय. गिरगावातल्या आमच्या काकांनी तो वाचला आणि थेट पक्कड काढली. म्हणून हे लिहितोय.

पहिलाच उपाय सगळ्यात घातकी. ‘हम (घरघर) येत असेल तर प्लगची वरची जाड पिन कापा, ती नुसती शोभेची असते.’ शोभेची? ती अर्थिंगची पिन आहे! ट्रान्सफॉर्मरचं इन्सुलेशन गेलं आणि फेज अ‍ॅम्पच्या पत्र्याला लागला, तर करंट अर्थच्या वायरीतून जातो आणि फ्यूज उडतो. पिनच नसेल तर फ्यूज शाबूत राहतो आणि पत्र्यावर 230 व्होल्ट तसेच राहतात, आरतीला आवाज वाढवायला कुणी हात लावेपर्यंत. तेही पावसाळ्यात, ओल्या फरशीवर, अनवाणी. ऑडिओ उपकरणांच्या सुरक्षेचं भारतीय मानक आहे, आयएस 616. अर्थिंगवाल्या, म्हणजे क्लास वन सेटचे हाताला लागणारे धातूचे भाग अर्थला जोडलेलेच हवेत, असं त्यात आहे.

पिन काढल्यावर हम जातो, एवढं मान्य करावं लागेल. बहुतेकदा तो ग्राउंड लूपचा असतो, म्हणजे एकमेकांना जोडलेली उपकरणं दोन वाटांनी अर्थला जोडली गेली की त्या फेऱ्यातून फिरणाऱ्या करंटचा. पण लूप तोडायचा तो दुसरीकडे. काकांच्या अ‍ॅम्पमधून सेट-टॉप बॉक्सची वायर काढली की हम बंद, लावली की सुरू. मग ती तशीच ठेवून बॉक्सच्या मागची, बाहेरून सिग्नल आणणारी आट्यांची केबल सोडवली, तर घरघर तिथल्या तिथे थांबली. त्या केबलवर आयसोलेटर, म्हणजे सिग्नल जाऊ देऊन अर्थचा जोड तोडणारा तुकडा, बसवला की झालं. बाकी उपकरणांच्या सगळ्या वायरी काढूनही हम राहिला तर आतले फिल्टर कपॅसिटर (वीज सपाट करणारे भाग) सुकलेत असं समजा. तो हम 50 हर्ट्झचा नसून 100 चा, म्हणजे एक सप्तक वरचा असतो.

आता फॉरवर्डातले बाकीचे उपाय. फ्यूजच्या जागी तांब्याची तार? अजिबात नाही. त्याच अँपियरचा नवा फ्यूज टाका. तोही उडाला तर आत शॉर्ट आहे. व्हॉल्यूमच्या नॉबमध्ये डब्ल्यूडी-40 (गंजावर मारायचा तेलकट स्प्रे) मारल्याने खरखर तेवढ्यापुरती जाते, पण तेलकट थर मागे राहून धूळ धरतो. कॉन्टॅक्ट क्लीनर मुंबईच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात, लॅमिंग्टन रोडला मिळतो, तो वापरा. पेन्सिल सेलने स्पीकर तपासायचा उपाय बरोबर आहे, मात्र फक्त वूफरला आणि क्षणभरच. ‘प्लग काढला की आत बिनधास्त हात घाला’ हे साफ चूक. मोठे कपॅसिटर प्लग काढल्यावरही चार्ज धरून ठेवतात.

कुणी पिन कापून बसलंच असेल तर आजच नवा थ्री-पिन प्लग लावून घ्या, आणि बोर्डात अर्थिंग खरंच आलंय का, हे इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्या. जुन्या चाळींत ते तिसरं भोक पुष्कळदा नुसतंच असतं.