290 दिसले म्हणून 210 कोणी दाबले नाहीत

फोंड्यातल्या आमच्या वाड्याच्या ग्रुपवर आठवडाभर एक स्क्रीनशॉट फिरतोय. औष्णिक (कोळशावर वीज करणारा) संच, क्षमता 500 मेगावॅट, चालू उत्पादन 290. खाली मजकूर: 'बाकीचे 210 मुद्दाम दाबून ठेवलेत आणि आपल्याला अंधारात बसवलंय. कोळसा तर आपल्याच वास्कोतून जातो!'

आधी स्क्रीनशॉटवरची वेळ बघा. दुपारचे 12:40. त्या वेळी सौरऊर्जा भरात असते आणि वीज साठवायची सोय अजून तुटपुंजी आहे. मागणीपेक्षा जास्त वीज ग्रिडमध्ये, म्हणजे देशभरच्या तारांच्या जाळ्यात, ढकलली तर विजेची फ्रिक्वेन्सी ठरलेल्या 50 हर्ट्झच्या वर सरकते, आणि ते जाळ्याला धोक्याचं. म्हणून दर 15 मिनिटांना, दिवसात 96 वेळा, कुणी किती वीज द्यायची ते ठरतं आणि दुपारी कोळशाचे संच खाली आणले जातात, साधारण 55 टक्क्यांपर्यंत. त्याखाली भट्टीतली ज्योत डळमळते. म्हणजे 275 ते 300 दिसणं हे दुपारचं रोजचंच. संध्याकाळी पुन्हा चढायचं तर वेग मिनिटाला सुमारे 1 टक्का, म्हणजे 275 वरून 500 गाठायला पाऊण तास. गॅसची शेगडी नव्हे, की बटण फिरवलं आणि ज्योत मोठी झाली.

पण रात्री मागणी असतानाही उत्पादन कमी दिसतं, ते का? कारणं बरीच. माझा मावसभाऊ छत्तीसगडातल्या एका वीजकेंद्रात मिल विभागात आहे. मिल म्हणजे कोळशाची पिठासारखी पूड करणारी चक्की. जुलैत त्याचा फोन आला की मागून ठण्‌ ठण्‌ आवाज येतो. ओला कोळसा बंकरच्या (मिलवरच्या कोळशाच्या कोठीच्या) तोंडाशी चिकटून बसतो आणि माणसं बाहेरून घण मारून तो खाली पाडत असतात. एखाद-दोन मिल उपाशी राहिल्या की मेगावॅट घसरलेच. त्यात आपल्या कोळशात राख 30-40 टक्के. उन्हाळ्यात थंड करायचं पाणीच कोमट, मग कंडेन्सरची (वाफेचं पुन्हा पाणी करणाऱ्या भागाची) निर्वात पातळी बिघडते आणि वीज कमी निघते. बॉयलरची नळी फुटली तर संच काही दिवस बंदच. शिवाय पंखे, पंप, मिल मिळून 5-6 टक्के वीज केंद्रातच खातात.

कोळसा कमी पडला की उत्पादन घटतं, हे खरंच. ऑक्टोबर 2021 मध्ये देशभर तसं झालं होतं.

वास्कोचं मात्र साफ चुकलंय. तिथल्या खिडक्यांवर बसणाऱ्या काळ्या धुळीचा राग मला समजतो, पण तिथल्या मुरगाव बंदरातला बहुतेक कोळसा कर्नाटकातल्या पोलाद कारखान्यांना जातो. गोव्यात कोळशावरचं वीजकेंद्र नाही. आपल्याला कोरबा, विंध्याचल या बाहेरच्या वीजकेंद्रांतून वाटा मिळतो आणि कोरब्याचा कोळसा शेजारच्या गेवरा, कुसमुंडा खाणींतला.

आणि 'अंधारात बसवलंय'? मेसेज आला त्या रात्री आमची वीज दोन तास गेली होती. पलीकडच्या वाड्यावर दिवे होते. सकाळी पाहिलं, माडाचं चुडत तारेवर लोंबत होतं.