'रिकलेक्शन'बद्दल थोडं आणखी

पॅलेस्टिनी दिग्दर्शक कमाल अल्जफारींवरच्या एका लेखात त्यांचा 'रिकलेक्शन' (2015) हा चित्रपट एका ओळीत उरकलाय, पण खरं काम तिथेच आहे. 1960 ते 90 च्या दशकांत याफात (तेल अवीवला लागून असलेल्या जुन्या बंदर-शहरात) चित्रित झालेल्या इस्रायली आणि अमेरिकी कथापटांतले नट त्यांनी डिजिटली पुसले. उरल्या गल्ल्या, पडकी घरं आणि चुकून चौकटीत आलेले पॅलेस्टिनी रहिवासी. अडचण अशी, की मागचा माणूस जवळ आणायला चौकटीचा छोटासा तुकडा ताणावा लागतो आणि चेहरा चित्राच्या दाण्यांत विरतो. तो कृत्रिमरीत्या रेखीव केला असता तर चक्क खोटा झाला असता! आधी त्यांचाच 'पोर्ट ऑफ मेमरी' हा चित्रपट जरूर बघा. त्यात चक नॉरिसच्या 'डेल्टा फोर्स' या अमेरिकी मारधाडपटातलीही याफाची दृश्यं आहेत.