नंदनवनाचा फोटो कुठून काढलाय तेही सांगा

आज सकाळी परत तो फॉरवर्ड आला. अमेरिकेतल्या युमा गावाचा फोटो, वरून काढलेला. एका बाजूला वाळू, दुसऱ्या बाजूला लेट्यूसचे हिरवेगार पट्टे. खाली नेहमीचा मजकूर: "वर्षाला फक्त तीन इंच पाऊस! तरीही नंदनवन! आणि आपण??" पाठवणारे नात्यातले, वयानं मोठे, म्हणून मी ग्रुपवर गप्प बसले. इथं नाही बसणार.

युमा आमच्या फिनिक्सपासून गाडीनं तीन तास. बाबा इकडे आले होते तेव्हा मी त्यांना घेऊन गेले होते. बाबा म्हणजे पाटबंधारे खात्यातून निवृत्त, उभा जन्म मराठवाड्यात कालव्यांवर काढलेला माणूस. ग्रँड कॅन्यन दाखवलं तर म्हणाले, "छान आहे. ही नदी पुढे कुठं जाते?" म्हटलं, चला. शिवाय त्यांची दाढ ठणकत होती आणि युमाच्या पलीकडे, मेक्सिकोच्या हद्दीत, अल्गोदोनेस नावाचं अख्खं गाव दातांच्या डॉक्टरांचं आहे. (अमेरिकेत दाढ काढायला किती पडतात ते इथल्यांना सांगायला नको.)

युमाच्या जुन्या पुलावर थांबलो, 1915 चा पूल आहे तो. बाबांनी खाली एक नजर टाकली आणि विचारलं, "ही चारी कुठल्या कालव्याची?" (चारी म्हणजे कालव्यातून शेतांकडे नेलेला छोटा पाट.)

"बाबा, हीच कोलोरॅडो नदी."

ते काहीच बोलले नाहीत. मग अल्गोदोनेसकडे जाताना ऑल-अमेरिकन कालवा लागला, याच नदीचं पाणी कॅलिफोर्नियातल्या शेतांना नेणारा. रुंद, तुडुंब, संथ. बाबा काच खाली करून म्हणाले, "ही बघ नदी."

आता बोला. नदी चारीएवढी आणि कालवा नदीएवढा. फोटोत यातलं काय दिसतं?

1922 साली सात राज्यांनी बसून ही नदी वाटून घेतली. वर्षाला दीड कोटी एकर-फूट (एका एकरावर फूटभर उभं पाणी म्हणजे एक एकर-फूट), निम्मं वरच्या राज्यांना, निम्मं खालच्यांना. बाबांच्या हिशोबात साडेसहाशे टीएमसी, म्हणजे तेवढे अब्ज घनफूट. आकडा धरला तो चांगल्या पावसाच्या वर्षांवरून, म्हणजे नदीत कधीच भरवशानं नव्हतं एवढं पाणी कागदावर वाटलं. मेक्सिकोला त्या बैठकीत बोलावलंच नव्हतं, नदीकाठच्या आदिवासींनाही नाही. मेक्सिकोच्या वाट्याला 1944 च्या तहात 15 लाख एकर-फूट आलं, म्हणजे 65 टीएमसी. "जायकवाडीच्या उपयुक्त साठ्यापेक्षा कमी," बाबा गाडीतच म्हणाले. त्या ऑल-अमेरिकन कालव्यावरच्या एकट्या इम्पिरियल व्हॅलीचा हक्क याच्या दुपटीहून जास्त आहे, आणि तिथं पिकवतात काय? लसूणघास! तिच्या गंज्या जहाजात भरून परदेशी जातात. उसावरून आम्हाला शिकवायला येतात हे लोक.

बरं, युमाचे शेतकरी हुशार आहेत, मान्य. लेझर लावून जमीन अशी सपाट करतात की पाणी वाफ्यात एकसारखं पसरतं. हिवाळ्यात अमेरिकेत जी लेट्यूस खाल्ली जाते ती बहुतेक याच पट्ट्यातली, आणि मीही तीच खाते. पण ती कापणारे बरेचसे लोक मेक्सिकोतून पहाटे तीन-चारला सीमा ओलांडून येतात. शेताच्या कडेला जुन्या स्कूलबस उभ्या, प्रत्येकीच्या मागे दोन संडास चाकांवर जोडलेले. बाबा तेच बघत बसले होते. रोजगार हमीच्या कामावर एवढी सोय असती तर, असं काहीतरी पुटपुटले.

दाढ काढून झाल्यावर गालात बोळा धरून बाबा म्हणाले, धरण दाखव. मोरेलोस धरण, 1950 सालचं, गावाला लागूनच. दरवाजे, वळवलेलं पाणी, मेक्सिकालीच्या शेतांकडे जाणारा कालवा, सगळं त्यांनी नीट बघून घेतलं. मग खालच्या अंगाला बघितलं. थोडं डबकं, पुढे झुडपं आणि रेती. पुढे सान लुईस रिओ कोलोरॅडो नावाचं शहर आहे. नावात नदी आहे, पात्रात वाळू.

"नदीला काहीच नाही सोडलं?" बोळ्यामुळे नीट बोलता येत नव्हतं, तरी हे दोनदा विचारलं.

आमच्या लहानपणी टेलचे, म्हणजे कालव्याच्या शेवटाकडचे, शेतकरी रात्री-बेरात्री दारात यायचे. साहेब, पाण्याची पाळी आली आणि गेली, आमच्या चारीला ओल नाही. बाबा चहा पाजायचे, दुसरं त्यांच्या हातात फारसं काही नसायचं. कालव्याची परीक्षा टेलला होते, हेडला कुणीही हिरवं करून दाखवतं, हे वाक्य आम्ही जेवताना ऐकत मोठे झालो. नाशिक-नगरनं पाणी सोडायचं म्हटलं की दरवर्षी जो तमाशा होतो तो तुम्हाला माहीतच आहे. पण तिथं निदान समन्यायी पाणीवाटपाचा 2005 चा कायदा आहे, जायकवाडीवाले त्यावर बोट ठेवून भांडू शकतात.

इथं तर खाली पाठवलेलं पाणीसुद्धा कसलं? 1961 च्या सुमारास युमाच्या पूर्वेकडच्या शेतांचं निचऱ्याचं खारं पाणी नदीत सोडलं आणि मेक्सिकालीची पिकं करपली. क्षारपड म्हणजे काय ते सांगली-कोल्हापूरवाल्यांना विचारा. बारा वर्षं भांडण चाललं तेव्हा कुठं 1973 साली करार झाला. मग पाणी गोडं करायचा प्रचंड कारखाना युमात बांधला, तो 1992 मध्ये तयार झाला आणि तेव्हापासून जवळजवळ बंदच आहे. हे नाही येत फॉरवर्डमध्ये.

एक गोष्ट मात्र सांगितलीच पाहिजे. 2014 च्या मार्चमध्ये दोन्ही देशांनी ठरवून मोरेलोसमधून नदीत पाणी सोडलं, आठेक आठवडे, सगळं मिळून साडेचार टीएमसी. सान लुईसचे लोक पात्रात उतरून पाण्याची वाट बघत होते. ज्यांनी जन्मात आपली नदी बघितली नव्हती ती पोरं त्यात डुंबली, गाणी वाजली, आणि मे महिन्यात पाणी समुद्राला टेकलं. बाबांना त्याचा व्हिडिओ दाखवला. त्यांनी तो परत लावायला सांगितला, मग चष्मा पुसला आणि म्हणाले, "एवढ्याशा पाण्यात?"

आता कुणीतरी लिहिणारच, एवढं वाटतं तर फिनिक्स सोड. माझ्या नळालाही 336 मैलांच्या कालव्यातून आणलेलं याच नदीचं पाणी येतं, ठाऊक आहे मला. म्हणूनच बोलतेय. पाणी कमी पडलं की कुणाचं किती कापायचं, ते सध्याचे तुटवड्याचे नियम 2026 अखेर संपतात आणि सात राज्यांची कित्येक महिने जुंपलीय. बाबा फोनवर विचारतात, जमलं का तुमच्या राज्यांचं? आणि लगेच पुढचा प्रश्न, बैठकीला टेलचं कोण आहे? राज्यांच्या त्या खोलीत मेक्सिको नसतो, त्याच्याशी वेगळं बोलणं होतं, असं मी सांगते. "म्हणजे वाटप झाल्यावर," बाबा म्हणतात, आणि आईकडे फोन देतात.