'गोल्ड' ऐकलं म्हणजे ॲबा ऐकलं?

"ॲबा म्हणजे हिट गाण्यांचा कारखाना. अल्बम नुसते भरताड. 'ॲबा गोल्ड' घ्या, विषय संपला. घटस्फोट झाले नि बँड बसला. पुढे त्यांच्या गाण्यांवर 'मामा मिया' नाटक आलं म्हणून लोकांना आठवण तरी झाली." ॲबा या स्वीडिश पॉप बँडबद्दल (ब्यॉर्न-आग्नेथा आणि बेनी-फ्रीडा अशी दोन जोडपी) अशा अर्थाची पोस्ट अधूनमधून फिरत येते आणि माना डोलावणारेही भरपूर भेटतात.

आधी भरताडाचं बघू. 'रिंग रिंग' (1973) आणि 'वॉटर्लू' (1974) या पहिल्या दोन अल्बमपुरता आरोप मान्य; त्यातली काही गाणी आज ऐकवत नाहीत. 'फर्नांडो' आणि 'गिमी गिमी गिमी' ही सुटी सिंगल्स होती, हेही खरं. पण 1976च्या 'अरायव्हल'पासून 1981च्या 'द व्हिजिटर्स'पर्यंत त्यांचा प्रत्येक स्टुडिओ अल्बम ब्रिटनमध्ये पहिल्या नंबरवर गेला. सुटी गाणी बाजारात मिळत असताना लोक अख्खा अल्बम उगाच विकत घेत नव्हते.

कारखाना म्हणायचं तर कारागिरीही बघा. साउंड इंजिनिअर मायकल ट्रेटोव्हने 'रिंग रिंग'च्या वेळी तीच वाद्यं टेपचा वेग किंचित बदलून पुन्हा वाजवून घेतली आणि एकावर एक चढवली. सूर केसभर हलतो आणि चार वाजवणारे असतील तिथे चाळीस असल्यासारखं भरदार ऐकू येतं.

आता 'गोल्ड'. 1992चं संकलन, 19 गाणी. सुरुवात 1976च्या 'डान्सिंग क्वीन'ने, शेवट 1974च्या 'वॉटर्लू'ने. बँड कुठून निघाला आणि कुठे पोचला, याचा पत्ताच लागत नाही. 'द व्हिजिटर्स'मधलं तर एकच गाणं घेतलंय, 'वन ऑफ अस'. आणि माझ्या मते ही चौघं सगळ्यात लांब गेली ती त्याच अल्बमवर. शीर्षकगीतात दारावरची बेल वाजते आणि घरातल्या बाईची भीतीने गाळण उडते; हे गाणं सोव्हिएत राजवटीविरुद्ध बोलणाऱ्यांवर आहे. ॲबा म्हणजे चमचमते कपडे नि नाचगाणी, एवढंच डोक्यात असलेल्यांनी हे एकदा हेडफोन लावून ऐकावं. त्याच अल्बमवर 'स्लिपिंग थ्रू माय फिंगर्स' आहे. दप्तर घेऊन शाळेत निघालेली मुलगी आणि मागे राहिलेली आई. शब्द ब्यॉर्नचे, गाणारी आग्नेथा, मुलगी दोघांची. आणि तोवर दोघांचा घटस्फोट झालेला.

म्हणजे तिसरा मुद्दाही उलटाच पडतो. ब्यॉर्न-आग्नेथा 1979च्या सुरुवातीला वेगळे झाले. 'द विनर टेक्स इट ऑल' 1980चं. बेनी-फ्रीडाने वेगळं होत असल्याचं जाहीर केलं 1981च्या फेब्रुवारीत, आणि त्याच वर्षी फ्रीडाने 'व्हेन ऑल इज सेड अँड डन' गायलं. संसार मोडल्यावरही काम चालू होतं, आणि कसलं काम! बँड थांबला तो 1982च्या अखेरीस, तोही फुटल्याची घोषणा वगैरे न करता. बेनी-ब्यॉर्नला नाटकाचं संगीत करायचं होतं; त्यातून 'चेस' झालं.

राहिली आठवण. 'मामा मिया' लंडनमध्ये सुरू झालं 1999 साली. त्याच्या सात वर्षं आधी इरेजर या ब्रिटिश जोडगोळीने ॲबाची चार गाणी गाऊन ब्रिटनमध्ये पहिला नंबर गाठला होता, तोही 'गोल्ड' बाजारात यायच्या आधी. आपल्या पंचमदांना तर 1977 सालीच ॲबाच्या 'मामा मिया' गाण्याची चाल मोहात पाडून गेली होती; 'मिल गया हम को साथी' आणि ते मूळ गाणं पाठोपाठ लावून बघा.

2021 साली ॲबाचा 'व्हॉएज' हा अल्बम आला, दहा गाण्यांचा. त्यातलं 'जस्ट अ नोशन' 1978 साली रेकॉर्ड करून बाजूला ठेवलेलं. भरताडच करायचं असतं, तर पुढच्या वर्षीच्या 'वूले वू' अल्बममध्ये तेव्हाच खपवलं असतं की!